मोजक्या सुरांचा माणूस

"मॅडम, सरांच्या संगीतातलं मौन तुम्हाला पहिल्यांदा कधी जाणवलं?" मासिकातून आलेल्या मुलीने विचारलं.

"लग्नाच्या दुसऱ्या दिवशी," क्लेमेंटीन म्हणाली आणि तिने चहाचा ट्रे खाली ठेवला.

मुलगी खूश झाली. तिने ते लिहून घेतलं, अधोरेखितही केलं. पुढे लेख छापून आला तेव्हा त्यात होतं की मौन हा या संगीतकाराच्या कलेचाच नव्हे तर त्याच्या सहजीवनाचाही पाया आहे. क्लेमेंटीनने शाळेच्या स्टाफरूममध्ये तो लेख वाचला, घडी घातली आणि टेबलावर आमटी सांडू नये म्हणून डब्याखाली अंथरला.

आलोशियस मच्याडो हा तिचा नवरा. वसईजवळच्या भुईगावात आता त्याला सगळे सर म्हणत. ज्यांनी त्याला गुडघे फुटलेल्या चड्डीत चिंचा पाडताना पाहिलं होतं तेही सर म्हणत. सिनेमाला पार्श्वसंगीत देणारा, आणि तेही कसलं, तर मोजक्या सुरांचं. दोन तासांच्या सिनेमात याचं संगीत अकरा मिनिटांचं असे आणि त्या अकरा मिनिटांतही निम्मा वेळ काही वाजत नसे. यावर परदेशातल्या विद्यापीठांत माणसं बोलत होती. क्लेमेंटीनचं म्हणणं असं की आमच्या भुईगावच्या पोस्टमनने असं काम केलं असतं तर त्याला घरी बसवला असता.

ती मूळची उमेळ्याची. बोलक्या घरातली. तिच्या माहेरी जेवायला बसल्यावर सगळे एकदम बोलत आणि कुणाचंच ऐकू येत नाही म्हणून आवाज आणखी चढवत. अशा घरातल्या मुलीला गप्प पुरुष म्हणजे देवमाणूस वाटला तर नवल नाही. आलोशियस तिला बघायला आला, फुगे, म्हणजे तळलेले गोड पाव, आणि मटण खाल्लं, तिच्या बापाच्या बारा प्रश्नांना मान हलवून उत्तरं दिली आणि निघताना तिला म्हणाला, "ठीक आहे." त्या दोन शब्दांवर ती महिनाभर जगली. तिला वाटलं, विहीर खोल आहे. लग्नानंतर तिने पोहरा सोडला, दोर संपला, आणि आतून काही पाण्याचा आवाज आला नाही.

तेव्हा तो वसईतल्या एका लग्नाच्या ऑर्केस्ट्रात कीबोर्ड वाजवायचा. वऱ्हाड नाचतंय, ट्रम्पेटवाल्याच्या मानेच्या शिरा फुगल्यात, ड्रमवाल्याचा सदरा घामाने अंगाला चिकटलाय, आणि हा आपला एक बोट एका पट्टीवर ठेवून उभा. ऑर्केस्ट्राचा मालक म्हणायचा, "आलोश, तुझ्या दुसऱ्या हाताला काय झालंय रे बाबा?" शेवटी त्याने याला काढूनच टाकलं. मग कित्येक वर्षं हा घरात बसून 'काम' करत होता आणि घर क्लेमेंटीनच्या मास्तरकीवर चाललं होतं. त्याबद्दल तिची तक्रार नव्हती. बिनकामाचे नवरे गावात आणखीही होते. पण ते निदान संध्याकाळी चावडीवर जाऊन दुसऱ्यांचं डोकं खात.

त्याचं नशीब उघडलं ते एका सिनेमावाल्यामुळे. तो मिठागरांवरच्या माणसांवर सिनेमा काढत होता. त्याचा संगीतकार मध्येच भांडून निघून गेला आणि कुणीतरी आलोशियसचं नाव सुचवलं. आलोशियसने देवळाच्या, म्हणजे गावच्या चर्चच्या, अडगळीतली जुनी हार्मोनियम घरी आणली. त्या पेटीचे निम्मे सूर मेलेले होते. भात्याला उंदीर लागले होते. जे तीन-चार सूर जिवंत होते तेवढेच त्याने वाजवले, मध्ये भाता भरेपर्यंत थांबला, पुन्हा वाजवले. सिनेमा परदेशात गेला आणि तिथल्या कुणा समीक्षकाने लिहिलं की हा भारतातला एक अस्सल मिनिमलिस्ट आहे.

आलोशियसने तो कागद तिच्यापुढे धरला. "याचा अर्थ?"

"कमीत कमी," ती म्हणाली. "जेवढ्यात भागतं तेवढंच."

त्याने मान हलवली. दुसऱ्या दिवसापासून तो तसा झाला. म्हणजे होताच, पण आता त्याला नाव मिळालं. मुलाखतीत तो सांगू लागला, "मी एकेक सूर काढून टाकत गेलो. जे उरलं ते सत्य." उंदरांचा उल्लेख कधीच आला नाही. मग त्याने घरातलं सामान काढायला सुरुवात केली. पडदे गेले. काचेचं कपाट गेलं. लग्नाचा फोटो गेला. भिंती पांढऱ्या झाल्या. घरातल्या वेदीवरची रंगीत दिव्यांची माळही काढायला निघाला होता, तेव्हा त्याची आई ॲनी काठी घेऊन उभी राहिली आणि गावच्या बोलीत तिने त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार केला, त्यात तिची स्वतःचीही एक पिढी आली. माळ राहिली. घरात ती एवढीच गोष्ट राहिली जिच्याकडे पाहून कुणी राहतंय असं वाटावं.

घरी सिनेमावाली माणसं येऊ लागली. बहुतेकांचे सदरे काळे, दाढ्या जपलेल्या. ती ओसरीवर बसून 'स्पेस' या गोष्टीबद्दल बोलत. आलोशियस बोलत नसे. मग तीच बोलत, त्याच्या गप्प बसण्यातून त्यांना हवे ते अर्थ काढत आणि जाताना म्हणत, "सर, खूप शिकायला मिळालं." मुलगी ॲंजेला तेव्हा कॉलेजात होती. ती एकदा म्हणाली, "मम्मी, डॅडीने अजून थोडं कमी वाजवलं ना, तर ऑस्कर नक्की." त्या दोघी स्वयंपाकघरात तोंडावर टॉवेल दाबून हसल्या. पुढे ॲंजेला नोकरीसाठी कॅनडाला गेली आणि हसायला सोबत उरली नाही.

मग आयला अर्धांगाचा झटका आला.

आय म्हणजे ॲनी, आलोशियसची आई. काठी उगारणारी, बाजारात केळीवाल्यांना रडवणारी बाई एका सकाळी पलंगाला खिळली आणि सहा-सात वर्षं तिथेच राहिली. वाचा गेली. उरली ती एक हाक. शब्द नव्हताच तो, नुसता आवाज, वरून खाली घसरणारा, "आऽऽ… ओ." कूस बदलायची असली तरी तीच, तहान लागली तरी तीच, अंथरूण भिजलं तरी तीच. क्लेमेंटीन सकाळी तिचं सगळं उरकून शाळेत जायची, मधल्या सुट्टीत स्कूटरवर घरी येऊन तिचं अंथरूण पालटायची, परत जायची. उरलेल्या वेळी शेजारची बाई डोकावून जाई. आलोशियस घरातच असे. आयच्या खोलीला लागूनच त्याचा स्टुडिओ होता, पूर्वीची भात ठेवायची खोली. तिच्या भिंतींना त्याने फोम लावून घेतला होता.

एकदा ती मधल्या सुट्टीत आली तर आय पलंगाखाली पडलेली. तोंडाला फेस, हाक मारून मारून घसा बसलेला. क्लेमेंटीनने एकटीने तिला उचललं, पुसलं, पाणी पाजलं. थोड्या वेळाने आलोशियस चहासाठी बाहेर आला.

"तुला ऐकू आलं नाही?" तिने विचारलं.

"आत काही ऐकू येत नाही. खोलीच तशी बांधलीय."

तिने विश्वास ठेवला. त्याच्या शब्दावर नव्हे, तो कुणाचं ऐकण्यातला नव्हताच हे ती जाणून होती म्हणून. तिच्या मनाने त्याचा एक हिशेब कधीच करून टाकला होता: हा माणूस रिकामा आहे. वाईट नाही, दुष्ट नाही, रिकामा. रिकाम्या डब्यावर कोण रागावतं? वाजवला तर तो वाजतो, त्याचा आवाज घुमतो, बाहेरची माणसं त्या घुमण्याला वाहवा म्हणतात. म्हणोत. या हिशेबाने तिला बरीच वर्षं बरं वाटत राहिलं. तुच्छता हीही संसारात एक सोय असते. तिने माणूस शांत झोपतो.

आय गेली. दफनाच्या मिस्साला फादर त्याला म्हणाले, "आलोशियस, आईसाठी एक भजन तरी वाजव." तो भिंतीपाशी हात बांधून उभा राहिला. लोक म्हणाले, दुःखाने थिजलाय बिचारा. क्लेमेंटीनने मनात म्हटलं, थिजायला आत काहीतरी लागतं. आणि तिने स्वतः भजन सुरू केलं, सुरात नव्हे तर जोरात, आणि सगळं देऊळ तिच्यामागून गायलं.

त्यानंतर काही वर्षांनी पूर्वी नावाची दिग्दर्शिका आली. विरारची पोरगी, तिशीही न गाठलेली, पहिलाच मोठा सिनेमा करणारी. कळंबच्या किनाऱ्यावर तिने शूटिंग केलं होतं. गोष्ट अशी की एक म्हातारी कोळीण समुद्राकडच्या खोलीत अंथरुणाला खिळून आहे आणि तिचा मुलगा अंगणात पर्यटकांसाठी कॉटेज बांधतोय. बस, एवढंच. पूर्वी ओसरीवर बसून लॅपटॉप उघडून दाखवता दाखवता स्वतःच रडली.

"सर, मला यात ढोल-ताशे नकोयत," ती डोळे पुसत म्हणाली. "म्हणजे, ॲक्च्युअली मला काहीच नकोय. पण ते जे काहीच नाहीये ना, ते तुमचं पाहिजे."

क्लेमेंटीन आतून ऐकत होती. ती पातेल्याशी बोलावं तसं पुटपुटली, "काहीच नाही पाहिजे तर इथे भरपूर आहे. घेऊन जा."

आलोशियस त्या सिनेमावर बरेच महिने बसला. नेहमीपेक्षा जास्त. कधी नव्हे ते जेवण टाकून उठायचा. तिला त्याचंही काही वाटलं नाही. मोठ्या माणसांची नाटकं तिला पाठ झाली होती.

प्रिव्ह्यू अंधेरीला होता, दुपारचा. "चल," तो म्हणाला. ती गेली, कारण शनिवार होता आणि अंधेरीला तिच्या मावशीकडेही डोकावता आलं असतं. पर्समध्ये स्वेटर घेतला, पेपरमिंटच्या गोळ्या घेतल्या. याच्या सिनेमांत ती नेहमी झोपायची आणि एसीत झोपलं की तिचा घसा धरायचा.

दिवे गेले. सिनेमा सुरू झाला. समुद्र, वाळत घातलेले बोंबील, म्हातारीचा चेहरा. बराच वेळ संगीत नाही. नेहमीचंच, असं म्हणून तिने पाय लांबवले. पडद्यावर मुलगा अंगणात गिऱ्हाइकांना टाइल्स दाखवत होता. कॅमेरा आतल्या अंधाऱ्या खोलीकडे वळला. आणि तेव्हा एक आवाज आला. गजाने वाजवायचं काहीतरी वाद्य असावं, सारंगी नव्हे, तिच्याहून जाड, गळ्यातून निघाल्यासारखं. दोन सूर. वरचा धरून ठेवलेला, मग खाली घसरलेला. मग काही नाही. मग पुन्हा तेच.

क्लेमेंटीनचे पाय खुर्चीखाली चपला शोधू लागले.

ते तिने केलं नाही, पायांनी केलं. हात पर्सवरून निघून बाजूला चाचपडू लागले, जिथे बेडपॅन असायचं. ती अर्धवट उठलीच होती. मागच्या रांगेतून कुणीतरी "मॅडम" म्हणालं तेव्हा ती खाली बसली आणि तिला कळलं की ती कुणाच्या हाकेला उठली होती.

तीच हाक. तेवढाच वेळ वर थांबणारी, तशीच खरखरत खाली येणारी. आणि सिनेमा पुढे सरकत गेला तशी ती बदलत गेली. वरचा सूर हळूहळू खाली येऊ लागला, दोन सुरांमधलं अंतर कमी होऊ लागलं, मधला थांबा वाढू लागला. आयचं तसंच झालं होतं. क्लेमेंटीनने ते ऐकलं होतं, पण तिच्या कानांना कळलं नव्हतं. तिचे कान नेहमी धावत असायचे. शेवटच्या दृश्यात जवळजवळ एकच सूर उरला, वर-खाली असा भेद नसलेला, आणि तोही अर्ध्यावर राहिला.

ती रडली. तोंड दाबूनही रडली. सगळं थिएटर रडत होतं, पण ते कोळिणीसाठी. तिला नाइलाजाने मान्य करावं लागलं की हे खरं आहे, सुंदर आहे, यातला एक सूर इकडचा तिकडे करता येणार नाही. ज्याला तिने रिकामा डबा म्हटलं होतं त्याच्यात हे होतं. आणि हे कळल्याबरोबर तिला जे वाटलं ते कौतुक नव्हतं. डबा रिकामा असता तर बरं झालं असतं. डबा भरलेला होता. आतून कडी लावून बसला होता.

पूर्वीने तिला मिठी मारली. आलोशियसभोवती माणसं जमली. तो मान हलवत होता.

परतताना गाडी तोच चालवत होता. घोडबंदरची गर्दी संपून पुलावर आल्यावर क्लेमेंटीन म्हणाली, "तुला ऐकू येत होतं."

त्याने गिअर बदलला.

"आलोश, मी काय विचारतेय? सहा वर्षं. रोज. ऐकू येत होतं तुला?"

तो म्हणाला, "आधी मध्यमावरून यायची. तिथून खाली सापर्यंत. दुसऱ्या वर्षी गंधारावर उतरली." स्टिअरिंगवरचा एक हात उचलून त्याने हवेत उंची दाखवली, मग थोडी खाली दाखवली. "शेवटी शेवटी रे आणि सा. कोमल रे."

"पलंगाखाली पडली होती त्या दिवशी?"

"त्या दिवशी वेगळी होती. ती मी वापरली नाही."

क्लेमेंटीनला वाटलं दार उघडून पुलावरून चालत जावं. "मग उठला का नाहीस?"

आता मात्र तो तिच्याकडे वळला. चेहऱ्यावर लाज नव्हती. विचार करून ठेवलेलं उत्तर द्यावं तसा तो सावकाश म्हणाला, "उठलो असतो तर ऐकणं थांबलं असतं."

तिने त्याच्याकडे पाहिलं. त्याला हे वाक्य आवडलं होतं. ते तोंडातून बाहेर पडल्यावर किंचित थांबून त्याने तेही ऐकलं होतं. तिला त्या क्षणी खात्री पटली की हे वाक्य तिला पुन्हाही ऐकायला मिळणार आहे.

तिने आठवडाभर कुणाला सांगितलं नाही. मग पूर्वीचा फोन आला, सिनेमा कुठल्या तरी मोठ्या महोत्सवात निवडला गेला होता. "मॅम, सगळे म्युझिकबद्दलच विचारतायत. सर काही सांगत नाहीत. तुम्हाला माहितीये का, कुठून सुचलं त्यांना?"

"माहीत आहे," क्लेमेंटीन म्हणाली आणि तिने सगळं सांगितलं. आय, हाक, फोम लावलेली भिंत, पलंगाखालचा फेस. रागाने सांगितलं, एकदा आवाजही फुटला. तिला वाटत होतं की ही पोरगी कोळिणीसाठी रडते, तर हिला तरी कळेल.

पलीकडून पूर्वी म्हणाली, "मॅम, माझ्या अंगावर काटा आला. इट्स सो पॉवरफुल." आणि लगेच पुढे, "हे आपण प्रेसमध्ये वापरलं तर सरांना चालेल ना?"

सरांना चाललं. महिन्याभरात ती गोष्ट सगळीकडे झाली. स्टाफरूममध्ये एका बाईंनी कौतुकाने तिला मोबाईल दाखवला. आलोशियस पांढरा कुर्ता घालून व्यासपीठावर बसला होता. मुलाखत घेणाऱ्याने विचारलं, आईच्या हाकेला तुम्ही धावून गेला नाहीत, याचं दुःख वाटतं? आलोशियस खूप वेळ गप्प राहिला. सभागृहही श्वास धरून गप्प. मग तो म्हणाला, "उठलो असतो तर ऐकणं थांबलं असतं." टाळ्या पडल्या. काही माणसं उभी राहिली.

"किती सोसलं असेल हो सरांनी," बाई म्हणाल्या.

"हो ना," क्लेमेंटीन म्हणाली. "बसून बसून कंबर धरली असेल."

बाईंना ते नीट समजलं नाही. क्लेमेंटीनने मोबाईल परत दिला आणि सातवीच्या वर्गावर निघून गेली. तिची एकच खरी गोष्ट होती, तीही तिने स्वतःच्या तोंडाने त्या लोकांच्या हातात दिली होती. त्यांनी ती धुऊन, पुसून, त्याच्या छातीवर बिल्ल्यासारखी लावली होती. आता ओरडून सांगायलाही काही उरलं नव्हतं. जे सांगायचं ते सगळ्यांना माहीत होतं आणि आवडलेलं होतं.

पावसाळा सरला होता, पण विहिरीकडच्या दगडावरचं शेवाळ गेलं नव्हतं. एका सुट्टीच्या सकाळी ती तिथे चादरी धूत होती. बादली उचलून वळली आणि घसरली. पाय अंगाखाली मुडपला. आतून काहीतरी तुटल्याचा आवाज तिने स्पष्ट ऐकला. डोळ्यांपुढे अंधारी आली, गेली, आणि मग घोट्यापासून वर अशी कळ निघाली की तिला ओकारी आली.

स्टुडिओची खिडकी उघडी होती. हाकेच्या अंतरावर. आत आलोशियस महोत्सवातल्या कार्यक्रमासाठी तेच दोन सूर पुन्हा पुन्हा वाजवून बघत होता.

हाक घशात आली होती. माणसाला दुखलं की ती आपोआप येते. पण ती ओठांपाशी आली तेव्हा क्लेमेंटीनच्या मनात आलं, हा ऐकेल. नीट ऐकेल. कुठून सुरू झाली आणि कुठे उतरली ते धरून ठेवेल. आणि मग एखाद्या सिनेमात कुणीतरी बाई दगडावर पडेल.

तिने ओल्या चादरीचं टोक तोंडात कोंबलं आणि दातांनी घट्ट धरलं. गाऊनच्या खिशातून मोबाईल काढला. उमेळ्याला तिच्या भावाला, एडवर्डला लावला आणि चादर काढून हळू आवाजात म्हणाली, "एडू, गाडी घेऊन ये. हॉर्न वाजवू नकोस. मागच्या बाजूने ये."

एडवर्ड येईपर्यंत ती त्या दगडावर बसून राहिली. आतले सूर चालूच होते. एकदा थांबले तेव्हा तिने श्वाससुद्धा रोखला.

एडवर्ड आला आणि बहिणीला तशी बघून, तिने सांगितलेलं सगळं विसरून, "अगं बाय माझे!" म्हणून मोठ्याने ओरडला. तेव्हा आलोशियस खिडकीत आला.

"काय झालं?"

"दिसत नाही? पाय मोडलाय तिचा!" एडवर्ड म्हणाला. त्याने तिला पोत्यासारखी खांद्यावर घेतली होती.

आलोशियस गोंधळून तिच्याकडे बघत होता. खरोखरचा गोंधळ होता तो. "हाक का नाही मारलीस?"

भावाच्या खांद्यावरून, उलटी लोंबकळत, क्लेमेंटीन म्हणाली, "तू ऐकलं असतंस म्हणून."

दवाखान्यातून ती भुईगावला गेली नाही. एडवर्डच्या घरी, उमेळ्याला गेली. तिथे आता जुनी वाडी राहिली नव्हती; चार नारळ, थोड्या केळी, आणि कुंपणापलीकडे चौदा मजल्यांची इमारत उभी राहत होती. दिवसभर खांब ठोकायचं यंत्र धाड धाड करे. घरात टीव्ही, कुत्रा, भावजयीचं फोनवरचं बोलणं, एडवर्डचं सगळ्यांवर ओरडणं. पाय प्लास्टरात घालून क्लेमेंटीन त्या गोंगाटात पडून राहायची आणि कित्येक वर्षांत झोपली नव्हती तशी झोपायची. कॅनडाहून ॲंजेलाचा फोन आला. ती रडली, चिडली, मग म्हणाली, "मम्मी, परत जाऊ नकोस." क्लेमेंटीन म्हणाली, "पाय बरा होऊ दे, मग नाही जात."

आलोशियस आला, पण महोत्सव उरकून आला. सोबत केळ्यांचा घड होता; केळीच्या वाडीत केळी घेऊन येणारा तो पहिलाच माणूस असेल. एडवर्डने खुर्ची दिली. आलोशियस बसला. गप्प बसला. पण त्या घरात गप्प बसणं जमत नाही. भावजय चहाचं विचारून गेली, कुत्रा त्याच्या कुर्त्यावर चढला, यंत्राने कुंपणापलीकडे दणका दिला.

"या आवाजात कशी राहतेस?" तो म्हणाला.

"ऐकू येत नाही मला."

मग तो म्हणाला, "घरी चल."

"का?"

त्याने मान खाली घातली. ती थांबली. खरोखर थांबली. जेवणाचे हाल होतात असं म्हणाला असता, एकटं वाटतं असं म्हणाला असता, गावात लोक विचारतात असं जरी म्हणाला असता, तरी ते काहीतरी झालं असतं. तिने त्याला भरपूर वेळ दिला.

"तुला माहीत आहे," तो शेवटी म्हणाला.

"नाही," क्लेमेंटीन म्हणाली. "मला माहीत नाही, आलोश. मला कधीच माहीत नव्हतं. मी इतकी वर्षं अंदाज बांधत होते आणि सगळे चुकले. आता मला कंटाळा आलाय. तू जा."

तो आणखी थोडा वेळ बसला. बहुधा त्याला वाटलं असावं की गप्प बसल्याने काही बदलेल; बाहेर नेहमी बदलायचं. मग उठला आणि गेला. फादर येऊन समजावून गेले, गावातल्या दोन बायका येऊन आधी समजावून आणि मग सगळं विचारून गेल्या. क्लेमेंटीनने सगळ्यांना चहा दिला. प्लास्टर निघाल्यावर ती उमेळ्याहून रिक्षाने शाळेत जाऊ लागली. रविवारी तिथल्या देवळात पोरांची गाणी बसवायला लागली. पोरं बेसूर आणि मोठ्याने गातात. ती त्यांना थांबवत नाही.

परवा एडवर्डने पेपर वाचता वाचता तिला हाक मारली. आलोशियसच्या पुढच्या सिनेमाची बातमी होती. सगळ्यात धाडसी प्रयोग, असं वर लिहिलं होतं. दिग्दर्शकाने सांगितलं होतं की या सिनेमात सरांनी एकही सूर वापरलेला नाही. संगीत म्हणून त्यांचं नाव मात्र पडद्यावर सगळ्यात आधी येईल.

"म्हणजे काय गं?" एडवर्डने विचारलं.

क्लेमेंटीन मुलांच्या वह्या तपासत होती. तिने मान वर केली नाही.

"म्हणजे पोचला," ती म्हणाली.